ताईंनी लिवलंय

माझं अक्षर चांगलं आहे. हे मीच सांगते, कारण आता दुसरं कोणी सांगणारं उरलं नाही. पनवेलच्या एका कॉलेजच्या ऑफिसात बत्तीस वर्षं काढली, शेवटची नऊ हेडक्लार्क म्हणून. दाखला असो, अर्ज असो, नावातली दुरुस्ती असो, एका बैठकीत लिहून मोकळी व्हायचे. खाडाखोड केलेला कागद मी कधी टेबलावरून पुढे जाऊ दिला नाही. पोरं मला घाबरायची, प्राचार्यसुद्धा जरा जपूनच बोलायचे. स्वभाव तापट आहे माझा, मान्य. पण खोटारडी कोणी म्हटलं नव्हतं.

गंगाबाई माझ्याकडे वीस-बावीस वर्षं मासळी घेऊन येत होती. बुधवार, शुक्रवार, रविवार. खाडीकाठच्या गावातून यायची, जिन्यात पाटी उतरवायची आणि हाक मारायची, "ताई, दार उघड, बोंबील हायत." मी एकटी बाई, लग्न केलं नाही, मला मासळी लागून लागणार किती? पण ती आली की अर्धा तास बसायचीच. चहा प्यायची, माझ्या स्वयंपाकाला नावं ठेवायची. "ह्ये कालवण हाय का औषध?" म्हणायची. ऑफिसात माझ्यापुढे उभं राहायची कोणाची टाप नव्हती, आणि ही मला माझ्याच घरात झापायची. मला ते आवडायचं.

एकदा ती रेशनकार्डाचा फॉर्म घेऊन आली. तो मी भरून दिला. मग भावेशच्या, म्हणजे तिच्या मुलाच्या, शाळेचा अर्ज. मग होडीच्या नोंदणीचा, मग वीजबिलाच्या तक्रारीचा. हळूहळू त्या घरातला प्रत्येक कागद माझ्या हातचा झाला. तिचा नवरा काशिराम शाळेत कधी गेलाच नव्हता. सही तेवढी शिकला होता, तीही मीच शिकवलेली. सदऱ्याच्या आत प्लास्टिकच्या पिशवीत कागद घालून यायचा आणि मी लिहीत असताना खुर्चीच्या टोकाला बसायचा. मी वाचून दाखवायला लागले की हात वर करायचा. "वाचू नका ताई. तुमी लिवलंय ना, मग झालं." पुढे भावेश शिकला, बंदरात नोकरीला लागला, तरी काशिरामभाऊ कागद घेऊन माझ्याच दारात. पोरानं लिहिलेलं त्यांना खरं वाटायचं नाही.

मी निवृत्त झाले तेव्हा गंगाबाईच म्हणाली, "ताई, त्या डब्यात एकटी काय करशील? आमच्या शेजारी ये." त्यांच्या घराला लागून गावठाणात सासऱ्यांची जागा होती, जाळी ठेवायची एक पडकी खोपी होती तिथे. जागा मी विकत घ्यायची, खोपी पाडायची आणि दोन खोल्या बांधायच्या. माझ्या डोळ्यासमोर लगेच ओटा आला, ओट्यावर मी आणि गंगाबाई. मला हसू नका. साठीला माणसाला अशी स्वप्नं पडतात.

इसाराचे आगाऊ पैसे द्यायचे ठरले तो दिवस मला मिनिटा-मिनिटानं आठवतो. आठवतो म्हणूनच तर हे सगळं सांगायचं आहे.

दुपारची वेळ होती. काशिरामभाऊंनी उरणहून बहिणीला बोलावून घेतलं होतं. भामा तिचं नाव, पन्नाशीची, हसरी. जेवणं झाली. भामानंच वाढलं, मला दोनदा आग्रह करून घावन घातलं. मग काशिरामभाऊंनी मला पाटावर बसवलं आणि भामाच्या हातात नारळ आणि खण दिला. म्हणाले, "ताई, आमच्या घरात जागा देताना घरच्या लेकीनं ओटी भरायची. जागेत तिचंबी नाव हाय, बापाची लेक हाय ती. तिनं नारल दिला मंजे घरात कुनाचं मागं राह्यलं नाय." भामानं माझी ओटी भरली. माझ्या कपाळाला कुंकू लावताना तिचे डोळे भरून आले होते. "माझं माहेर तुमच्या हातात देते," म्हणाली. मीही रडले.

मग इसारपावती लिहिली. कोणी? मीच. माझ्या सुवाच्य अक्षरात. जागा देणार काशिराम, घेणार मी. भामाचं नाव मी घातलं नाही, तिची सही घेतली नाही. बत्तीस वर्षं पोरांकडून तीन-तीन झेरॉक्स मागणारी मी, त्या दिवशी मला सही मागायची लाज वाटली. बाईनं नुकती रडत-रडत ओटी भरली आणि मी तिच्यापुढे पेन धरायचं? जमलं नाही. काशिरामभाऊंना तर ओटी भरली म्हणजे सही झालीच असं वाटत होतं. त्यांनी कसलं काय सुचवायचं? कागद माझं खातं होतं.

सहा महिन्यांनी रजिस्ट्रेशनची वेळ आली आणि तिथल्या माणसानं एका मिनिटात सांगितलं, वारसांत बहीण आहे, तिची सही लागेल. तोवर विमानतळामुळे आमच्याकडच्या जागांना सोन्याचा भाव आला होता. भामा द्यायला तयार होती, तिचा मुलगा बाळू आडवा आला. काशिरामभाऊ चार वेळा उरणला जाऊन आले. चारही वेळा भामा रडली, बाळू ऐकेना. माझा इसार तर होडीच्या नव्या मशीनमध्ये गेला होता, मला विचारूनच गेला होता. मीच म्हटलं होतं, वापरा हो, घरचेच आहात.

असं दीड वर्ष गेलं. काशिरामभाऊ यायचे, खुर्चीच्या टोकाला बसायचे, "करतो ताई कायतरी" म्हणायचे आणि जायचे. सोसायटीतल्या बायका मला विचारायच्या, "काय शोभाताई, बंगला कुठवर आला?" माझं डोकं फिरायचं. राग कोणाचा होता ते मला तेव्हा कळलं नाही. आता कळतं. सही न घेणाऱ्या हेडक्लार्कचा होता तो राग. पण स्वतःवर चिडायची मला सवय नाही, मी दुसऱ्यावर काढला.

माझी भाची चारुता वकील आहे. वाईट मुलगी नाही, धंद्यात मुरलेली आहे. म्हणाली, "आत्या, दिवाणी दावा लावशील तर तू जाशील, दावा राहील. फसवणुकीची तक्रार दे. पोलिसांचा एक फोन गेला की माणसं ताळ्यावर येतात."

"पण त्यानं फसवलंय कुठे? त्याला जमत नाहीये," मी म्हटलं. एवढं म्हटलं होतं मी.

"नुसता शब्द मोडला तर ती फसवणूक होत नाही, पोलीस घेणारच नाहीत. मनात पहिल्यापासून खोट होती असं दिसलं पाहिजे. बहिणीचं तुला माहीत होतं?"

मी चष्मा पुसायला लागले.

"इसारपावतीत आहे तिचं नाव?"

"नाही."

"मग तुला माहीत नव्हतं," चारुता म्हणाली आणि पुढचं सांगायला लागली.

तिनं सांगितलं, मी लिहिलं. टाइप करून घेऊ म्हणाली ती, तर मीच म्हटलं, माझं अक्षर चांगलं आहे. ते वाक्य मला पाठ आहे. 'आरोपीने पहिल्यापासूनच मला फसवण्याच्या उद्देशाने, सदर जागेत आपल्या बहिणीचा हक्क असल्याची बाब माझ्यापासून लपवून ठेवली.' एका दमात लिहिलं, एक खाडाखोड नाही. खाली सही केली आणि तक्रार पोलीस ठाण्यात देऊन आले. चौकशीला बोलावलं तेव्हाही तेच सांगितलं. मला वाटलं होतं, फोन जाईल, काशिरामभाऊ घाबरून भामाची सही आणतील, पुन्हा सगळं पहिल्यासारखं होईल. अक्कल गहाण टाकली होती मी.

गुन्हा नोंदवला गेला. काशिरामभाऊंना नोटीस देऊन बोलावलं, दिवसभर बाकावर बसवलं. गावात बातमी पसरायला कितीसा वेळ लागतो? त्या बुधवारी गंगाबाई आली नाही. शुक्रवारी आली, पण माझ्या दारात नाही. समोरच्या बिल्डिंगखाली तिची हाक ऐकू आली आणि मी स्वयंपाकाच्या ओट्याशी तशीच उभी राहिले. खाली गेले नाही. पुढे तिनं ती गल्लीही सोडली. मी बाजारातून मासळी आणायला लागले. घशाखाली उतरत नव्हती.

वर्षभरानं कोर्टात आरोप वाचून दाखवायची तारीख लागली. मला जायची गरज नव्हती, चारुता तसं म्हणालीही. मी गेले. काशिरामभाऊ पांढऱ्या टोपीत, इस्त्रीचा सदरा घालून उभे होते, लग्नाला आल्यासारखे. गंगाबाई मागच्या बाकावर. तिनं मला पाहिलं आणि नजर पंख्याकडे नेली.

मॅजिस्ट्रेट बाईंनी वाचून दाखवलं. माझंच वाक्य, कोर्टाच्या भाषेत. मग विचारलं, "गुन्हा कबूल आहे का?"

काशिरामभाऊ म्हणाले, "बाईसाहेब, ह्ये कुनी लिवलंय?"

"फिर्यादीनं."

"शोभाताईंनी?"

"हो."

काशिरामभाऊंनी मान डोलावली. मग म्हणाले, "मंग असंल. ताई खोटं लिवत नाय."

त्यांचा वकील धडपडत उठला. मॅजिस्ट्रेट बाईंनी त्याला हातानं थांबवलं आणि मऊ आवाजात म्हणाल्या, "बाबा, मी तुम्हाला विचारते आहे. तुम्ही लपवलं होतं का?"

"मला आठवत नाय, बाईसाहेब. मला वाटतं मी सांगितलं व्हतं. पन मला लिवता-वाचता येत नाय. आमचं सगलं ताईच लिवते. तिनं लिवलंय तर माझ्या मनात तसं असंल."

वकिलानं मुदत मागून घेतली, पुढची तारीख पडली. मी बाकावर बसून होते. उठून दोन शब्द बोलायचे होते फक्त, 'सांगितलं होतं.' मी उठले नाही. माझ्यासारखी भित्री बाई मी दुसरी पाहिली नाही.

घरी येऊन मी चारुताला म्हटलं, "मी खरं सांगणार. मला भामाचं माहीत होतं."

ती पांढरीफटक पडली. "आत्या, खोटी तक्रार दिली म्हणून तुझ्यावर केस होईल. पेन्शन, अब्रू, सगळं गळ्याशी येईल. आपण तडजोड करू. कोर्टाची परवानगी घेऊन केस मिटते. 'गैरसमजातून तक्रार दिली' असं लिहू, म्हणजे कोणी खोटं ठरत नाही." मला ते ऐकायचंच होतं. मी मान डोलावली.

काशिरामभाऊंनी होडी विकली आणि इसार परत केला. जागा राहिली बाळूच्या आडमुठेपणात, तशीच. तडजोडीच्या तारखेच्या आदल्या दिवशी माझ्या दारावर थाप पडली. गंगाबाई होती. पाटी नव्हती डोक्यावर. आत आली, नेहमीच्या जागी बसली नाही, उभीच राहिली.

"ताई, भामानं तुझी ओटी भरलेली, आठवतंय ना तुला?"

"आठवतंय."

"मी येडी झालेय का, असं वाटायला लागलं व्हतं मला," ती म्हणाली आणि मग खाली बसली, फरशीवरच. "मी त्यांना रोज सांगते, तुमी काय बी लपवलं नाय, मी समोर व्हते. ऐकत नाय. म्हनतात, ताई बावीस वर्सं लिवते, एक अक्षर चुकलं नाय तिचं. मीच लपवलं असंल, मलाच कललं नसंल. जेवता-जेवता थांबतात आनि मला इचारतात, गंगे, त्या दिवशी माझ्या मनात काय व्हतं गं? होडी गेली, जाऊ दे. मानूस जातोय माझा, ताई. त्यांना एकदा तोंडानं सांग."

मी तिला चहा विचारला. ती नको म्हणाली. बावीस वर्षांत पहिल्यांदा नको म्हणाली.

"सांगते," मी म्हटलं. "उद्याच सांगते."

दुसऱ्या दिवशी मॅजिस्ट्रेट बाईंनी विचारलं, तडजोड राजीखुशीनं आहे ना, आणखी काही सांगायचं आहे का. चारुतानं माझं कोपर धरलं होतं. मी म्हटलं, काही नाही. दहा मिनिटांत केस संपली.

बाहेर पायरीवर काशिरामभाऊ माझ्यासमोर आले आणि वाकले. माझ्या पायाला हात लावला त्यांनी, माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठ्या माणसानं. "ताई, माफ केलंत. लई मोठं मन तुमचं."

तेव्हा मात्र माझा बांध फुटला. "उठा हो. तुम्ही काही लपवलं नव्हतं. मला सगळं सांगितलं होतंत, भामाच्या समोर. मी खोटं लिहिलं. मी खोटं लिहिलं, काशिरामभाऊ."

त्यांनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं आणि हसले. लहान मुलाची समजूत काढताना हसतात तसे. "नका ताई. मला बरं वाटावं म्हनून सोताला बोल लावू नका. कागदावर हाय ते." आणि टोपी नीट करून चालायला लागले.

गंगाबाई माझ्यापाशी थांबली. म्हणाली, "त्यांना आता तोंडाचं पटत नाय. लिवून दे."

चारुता लांबून माझ्याकडे बघत मान हलवत होती. नको, नको.

लिहायला मला तीन आठवडे लागले. हो, मला. एका बैठकीत प्रतिज्ञापत्र लिहिणाऱ्या बाईला. सहा कागद फाडले. शेवटी लिहिलं ते चार ओळींचं. इसाराच्या दिवशी काशिरामभाऊंनी बहिणीचा हक्क मला स्वतः सांगितला होता. तिनं माझी ओटी भरली होती. तक्रारीतलं वाक्य खोटं आहे, ते मी माहीत असून लिहिलं. खाली सही, तारीख. चारुताला सांगितलं नाही. व्हायचं ते होवो, म्हटलं.

रविवारी सकाळी रिक्षा करून त्यांच्या गावाला गेले. होडी बांधायची जागा मोकळी होती. खोपी तशीच पडकी उभी होती. काशिरामभाऊ ओट्यावर बसले होते, उगाच, हातात जाळं नाही, काही नाही. मला बघून उठायला लागले. गंगाबाईनं आतून पाट आणून टाकला, पण मी खालीच बसले. भावेश घरात होता, मला बघून मागच्या दारानं निघून गेला. बरोबरच होतं त्याचं. त्याची बायको रिया, नवीनच लग्न होऊन आलेली, बारावी शिकलेली, दारात उभी होती. मी कागद तिच्या हातात दिला. "मी नाही वाचत. तू वाच."

रियानं वाचलं, हळू, प्रत्येक शब्द सुटा करून. काशिरामभाऊ खाली बघत ऐकत होते. 'माहीत असून लिहिलं' इथे त्यांचा चेहरा हलला.

"परत वाच," ते म्हणाले. तिनं परत वाचलं.

"सही हाय?"

"हाय, बाबा. शोभाताईंचीच हाय."

त्यांनी कागद हातात घेतला, सहीवरून बोट फिरवलं. मग डोळे मिटून त्यांनी एक मोठा श्वास सोडला. गंगाबाईनं पदर तोंडाला लावला. मला वाटलं, संपलं. एकदाचं संपलं. मी एवढी हलकी झाले की मलाही रडू आलं. आता गंगाबाई चहा टाकेल, त्याला नावं ठेवायला मीही मोकळी, असं काहीतरी खुळं मनात आलं.

काशिरामभाऊंनी डोळे उघडले. बराच वेळ माझ्याकडे बघत राहिले. रागानं नाही. राग असता तर मी सोसला असता, मला रागाची सवय आहे.

"ताई," ते म्हणाले, "मंग बाकीचं?"

"बाकीचं काय?"

"बाकीचं जे लिवलंत. रेशनचं, होडीचं, भावेसच्या साळंचं, माझ्या बापाच्या मरनाचं. त्ये सगलं खरं हाय ना?"

मी तोंड उघडलं. 'खरं आहे' म्हणणार होते. आणि लक्षात आलं की आता मी काहीही म्हटलं तरी ते म्हणण्याला काही किंमत उरलेली नाही. तोंडानं म्हटलं तरी नाही, लिहून दिलं तरी नाही.

गंगाबाई आत गेली. देवाखालची पत्र्याची पेटी घेऊन आली. बावीस वर्षांचे कागद, सगळे माझ्या अक्षरातले, प्लास्टिकच्या पिशव्यांत घालून नीट रचलेले. तिनं ती पेटी माझ्यासमोर नाही, सुनेसमोर ठेवली.

"रिया," ती म्हणाली, "एकदा सगलं वाच गं. बघू दे काय काय लिवलंय ते."

रिया खाली बसली, तिनं वरची पिशवी सोडली आणि रेशनकार्डाचा अर्ज वाचायला लागली. कुटुंबप्रमुखाचं नाव, वडिलांचं नाव, वय, पत्ता. काशिरामभाऊ प्रत्येक ओळीनंतर मान हलवून 'बराबर' म्हणत होते, तिच्याकडे बघून. मी समोर बसून ऐकत होते. मध्ये कोणी मला काही विचारलं नाही, आणि शेवटचा कागद होईपर्यंत दुपार झाली.